मी धरतो

"आई, मी चुकलो," सून दारातूनच म्हणाली. "काल पावसानंतर सगळ्या मेंढ्यांच्या पाठी बघायला हव्या होत्या. कजागीच्या अंगात किडे पडलेत."

सासू पीठ मळत होती. तिचे हात परातीतच थांबले. किडे पडणं ही वाईट बातमी होती, पण हात थांबले ते 'मी चुकलो' ऐकून. ते दर वेळी थांबत. क्षणभर ती मान वर न करता तशीच बसे आणि मग कामाला लागे.

त्या घरात आता दोघीच बाया उरल्या होत्या आणि त्यांतली एक पुरुषासारखी बोलायची. सहा वर्षांपूर्वी सासूचा थोरला मुलगा पलीकडच्या मुलखात धरणाच्या कामावर गेला आणि येताना बायको घेऊन आला. इथली भाषा तिला त्यानेच शिकवली. चुलीपाशी, ट्रकच्या टपावर, अंथरुणात, म्हणजे जिथे व्याकरणाचं पुस्तक कुणी नेत नाही तिथे. तो म्हणायचा 'मी येतो', म्हणून तीही म्हणाली 'मी येतो'. तिच्या माहेरच्या भाषेत बाई येवो नाहीतर बुवा, शब्द एकच. गावात आल्यावर पहिल्याच दिवशी ती दुकानात जाऊन 'मी मीठ न्यायला आलो' म्हणाली, तेव्हा दुकानदाराने उठून 'या साहेब' म्हणत खुर्ची पुसली होती. गावाला हसायला फारसं कारण लागत नाही, आणि हे तर आयतंच मिळालं. नवऱ्याला मात्र त्याची इतकी मजा वाटली की त्याने तिला सुधारायचं नावच काढलं नाही. "तू अशीच बोल," तो म्हणायचा. "घरात दोन बाप्ये आहेत म्हटल्यावर चोर फिरकायचे नाहीत."

अकरा महिन्यांपूर्वी तो तीन दिवसांच्या तापात गेला. त्यानंतर तिच्या बोलण्याला कुणी हसलं नाही. दुकानदारसुद्धा खाली बघून मीठ तोलायचा. तेव्हा तिला कळलं की हसत होते तेच बरं होतं.

कजाग ही कळपातली सगळ्यात म्हातारी मेंढी. कुणी जवळ आलं की डोकं मारायची, म्हणून हे नाव. आज ती कुंपणाला टेकून मुकाट उभी होती. दोघींनी तिला आडवी पाडली. सुनेने पाठीवरची लोकर बाजूला केली तर खाली कातडी ओली आणि काळपट झालेली, आणि त्यात किडे वळवळत होते. वासाने सासूने तोंड फिरवलं. सुनेने कैचीने लोकर कापली, काडीने किडे काढले, औषध ओतलं. मेंढी एकदाच तडफडली.

"अजून किती असतील अशा?" सासूने विचारलं.

"बघतो. सगळ्या बघतो."

बासष्ट मेंढ्या. एकेकीच्या अंगावर वर्षाची लोकर, त्यात दोन अवेळी पाऊस. दर हंगामात सुनेचा नवरा चार दिवसांत सगळा कळप कातरून मोकळा व्हायचा. यंदा कातरणी महिनाभर लांबली होती, आणि माश्यांना ती बातमी सगळ्यांत आधी पोचली होती.

"डावऱ्याला निरोप धाड," सासू म्हणाली.

डावऱ्या हा गावोगाव हिंडणारा लोकर कातरणारा. डाव्या हाताने कातर चालवायचा म्हणून डावऱ्या. खरं नाव कुणी विचारलं नव्हतं, त्यानेही सांगितलं नव्हतं. तिसऱ्या दिवशी तो सायकलवर आला. मागे वळकटी, आणि तेलकट फडक्यात गुंडाळलेल्या दोन कातरी. चाळिशी उलटलेला, हडकुळा, एका गुडघ्यात लंगडणारा. आल्याआल्या त्याने आभाळाकडे पाहिलं, मेंढ्यांच्या पाठीत हात खुपसून ओल पाहिली आणि म्हणाला, "आज होणार नाही. ओली लोकर कातरली तर गठ्ठ्यात कुजते. उद्या ऊन पडलं तर बघू."

दुसऱ्या दिवशी ऊन पडलं. त्याने पहिली मेंढी ढुंगणावर बसवली, पाठ आपल्या गुडघ्यांत घेतली. मेंढी पाय झाडायला लागली.

"कुणीतरी पुढचे पाय धरा," तो म्हणाला.

"मी धरतो," सून म्हणाली आणि पुढे झाली.

त्याने मान वर केली. थट्टेचा लवलेश नव्हता त्याच्या तोंडावर. चूक दिसली आणि सांगितली, एवढंच. "धरते," तो म्हणाला. "बाईने 'मी धरते' म्हणायचं."

सुनेच्या कानशिलात आग झाली. सहा वर्षांत हे तिला कुणी तोंडावर सांगितलं नव्हतं. काही बोलायच्या आधी मागून सासूचा आवाज आला.

"तुझं काम मेंढ्यांची लोकर कातरायचं. माझ्या सुनेच्या जिभेला कातर लावू नकोस."

"चुकलं मावशी," डावऱ्या म्हणाला आणि मेंढीच्या पोटापासून सुरुवात केली. सून पाय धरून बसली. त्या दिवशी सतरा मेंढ्या झाल्या, आणि तिघांपैकी कुणीही कामापुरत्या शब्दांपलीकडे ब्र काढला नाही.

मग पाऊस आला. झोडपणारा नाही, रोज येऊन तासभर भुरभुरणारा, कामाचा विचका करणारा. सकाळी मेंढ्या वाळायला लागाव्यात आणि दुपारी पुन्हा भिजाव्यात. चार दिवसांचं काम आठ दिवसांवर गेलं, मग पंधरा. डावऱ्या मेंढवाड्याशेजारच्या शेडमध्ये वळकटी टाकून राहिला. त्याचं ताट सासू तिथेच पाठवायची. घराचा उंबरा त्याने ओलांडला नाही आणि त्याला कुणी बोलावलंही नाही.

रोज एखाददुसऱ्या मेंढीत नवे किडे सापडत. उघडीप मिळेल तेवढ्या वेळात जास्त मेंढ्या उरकायला दुसरा हात हवा होता. शेडच्या खुंटीला नवऱ्याची कातर टांगलेली होती. एका सकाळी सुनेने ती काढली, धार लावायला निसण्यावर घासली, आणि डावऱ्यापुढे धरली.

"ही माझ्या कामाची नाही," तो म्हणाला. "माझ्या कातरीची पाती उलटी जोडलेली असतात. ही उजव्या हाताची आहे." मग थोडं थांबून, "तुमच्या कामाची आहे."

"मला येत नाही."

"बसा समोर. मी करतो तसं करा."

तो डावरा, ती उजवी. समोरासमोर बसले की आरशात बघून केल्यासारखं व्हायचं. त्याचा डावा हात जिकडून निघे तिकडूनच तिचा उजवा निघे. तिच्या नवऱ्याने तिला असं समोर बसून कधी शिकवलं नव्हतं. तो शेजारी उभा राहून सांगायचा आणि तिच्या डोक्यात सगळं उलटंपालटं व्हायचं. पहिल्या मेंढीला तिने तीन ठिकाणी रक्त काढलं. दुसरीला एकदा. संध्याकाळी तिच्या तळहाताला फोड आले होते आणि कोपरापर्यंत लोकरीचं तेल माखलं होतं.

"मनगट मोकळं ठेवा. कातर ओढायची नाही, चालू द्यायची," तो म्हणाला.

तो तिला वहिनी म्हणत नव्हता, ताईही म्हणत नव्हता. बोलवायचं झालं की नुसतं 'अहो' म्हणायचा. "अहो, ती गोणी द्या." सासूच्या ते लक्षात आलं होतं. 'अहो' आपण कुणाला म्हणायचो ते तिला आठवलं, आणि तिने तो विचार झटकून टाकला.

एका दुपारी भुरभुर सुरू झाली आणि दोघं शेडच्या वळचणीला बसून राहिले. सासू घरात पडली होती. मेंढ्या एकमेकींना चिकटून उभ्या.

"तुमच्या घरी कोण?" तिने विचारलं.

"कुणी नाही. बायको होती. चार वर्षं झाली."

"कशाने?"

"बाळंतपणात. बाळही."

ती हळूच म्हणाली, "ती काय म्हणायची? धरते?"

डावऱ्याने घराकडे पाहिलं. "मावशींनी मला बजावलंय."

"मी विचारतो आहे ना. तुम्ही शिकवत नाही."

त्याच्या तोंडावर हसू आलं ते त्याने आवरलं नाही. "धरते म्हणायची. धरते, करते, थकले, मेले मी या घरात." तो हसला आणि हसता हसता त्याने डोळे पुसले.

"थकले," ती म्हणाली. शब्द तोंडात परका लागला. तिने पुन्हा म्हणून पाहिला. "मी थकले." अकरा महिन्यांत ती खरंच थकली होती, आणि ते कुणाला सांगितलं नव्हतं. 'थकलो' म्हणायची तेव्हा तो थकला आहे असं वाटायचं, आणि मेलेला माणूस थकत नाही. 'थकले' म्हटल्यावर तिचे स्वतःचे खांदे दुखायला लागले. ती गुडघ्यांत डोकं घालून रडली. डावऱ्याने तिला हात लावला नाही. पाऊस थांबेपर्यंत तो तिथेच बसून राहिला, आणि तिने ते मनात धरून ठेवलं.

त्या दिवसापासून तिच्या दोन जिभा झाल्या. शेडमध्ये 'करते', घरात 'करतो'. उंबऱ्याशी आली की ती क्षणभर थांबायची आणि तोंडातला शब्द बदलायची. तिला तो माणूस आवडायला लागला होता. त्याचा तिला राग यायचा, स्वतःचाही यायचा, आणि तरी सकाळी ऊन पडलं की तिचे पाय आपसूक शेडकडे वळायचे.

कातरणीच्या सतराव्या दिवशी दीर आला. नवऱ्याचा धाकटा भाऊ, तालुक्याच्या गावी गोदामात मुकादम. मोटरसायकल अंगणात लावून तो थेट आईपाशी गेला. सून बाहेर हौदावर हात धूत होती. खिडकी उघडी होती.

"आई, कातरणी झाली की कळप विकून टाकू. मी गिऱ्हाईक बघितलंय. तू माझ्याकडे चल. या गुडघ्यांनी किती दिवस मेंढ्यांमागे धावणार आहेस?"

"आणि ती?"

"वहिनींची माणसं पलीकडे आहेत. भाऊ आहे. जाऊ दे त्यांना. इथे आता त्यांचं कोण आहे?"

सुनेने नळ बंद केला. तिने पलीकडचं अंगण आठवायचा प्रयत्न करून बघितला तर भावाचा चेहराही नीट आठवेना. इथे तिला बासष्ट मेंढ्या पाठीवरून ओळखता येत होत्या.

"मी आहे," आतून सासू म्हणाली. "तिला मी कुठे पाठवणार नाही."

"का पण? मूल नाही, बाळ नाही."

सासूचा आवाज आला, आणि तो सुनेने कधी ऐकला नव्हता इतका मऊ होता.

"ती 'आई, मी आलो' म्हणते ना, तेव्हा मी पाठमोरी असले की मला तो आल्यासारखा वाटतो. शब्द त्याचेच. लकबही त्याचीच. दिवसातून दहा वेळा तो घरी येतो माझ्या. तिला पाठवू म्हणतोस? म्हणजे त्याला पुन्हा पोचवून येऊ?"

शेवटी दीर म्हणाला, "कातरणीच्या शेवटच्या दिवशी ट्रक घेऊन येतो. तोवर विचार करून ठेव."

सून हौदापाशी ओले हात घेऊन उभी राहिली. या घरातली तिची जागा एका अक्षरावर उभी होती, आणि ते अक्षर ती रोज शेडमध्ये जाऊन खोडत होती. सासूची माया खरी होती, यात शंका नव्हती. पण ती माया नक्की कुणावर होती, हे आता तिला विचारायची सोय राहिली नव्हती.

त्यानंतर तिने डावऱ्याशी बोलणं तोडलं. "तुम्हाला कोण काय म्हणालं?" त्याने विचारलं. "कुणी नाही," ती म्हणाली. समोर बसणंही तिने सोडलं. त्याच्याकडे पाठ करून कातरायला लागली, आणि एका मेंढीच्या मांडीवर बोटभर जखम केली. त्याने येऊन निमूटपणे टाके घातले.

"मी काही मागत नाहीये," टाका ओढताना तो म्हणाला. "दहा मेंढ्या राहिल्यात. मग मी जाईन. पण तुम्ही रोज उंबऱ्यापाशी उभ्या राहून तोंड पुसल्यासारखं करता, ते मला बघवत नाही."

त्याला ते दिसलं होतं, याची तिला लाज वाटली. आणि बरंही वाटलं.

दुसऱ्या दिवशी दुपारी ते घडलं. सासू मेंढ्यांना पाणी द्यायला हौदाकडे गेली. शेवाळावरून तिचा पाय सरकला. बादलीचा आवाज झाला आणि पाठोपाठ तिची हाक आली, "अगं ए!"

सुनेच्या हातातली कातर गळून पडली. ती धावली, आणि धावता धावता ओरडली, "आले, आई! आले, आले मी!"

सासू चिखलात बसली होती. कोपर सोलपटलं होतं, रक्त येत होतं. सुनेने तिला काखेत हात घालून उठवायला घेतलं, पण ती उठेना. ती सुनेच्या तोंडाकडे बघत राहिली.

"कोण आलं?" तिने विचारलं.

"मी... आलो," सून म्हणाली.

फार उशीर झाला होता. सासूने तिचा हात बाजूला केला, हौदाचा काठ धरला आणि स्वतःच उठली. लंगडत घरात गेली. कोपराला पट्टीसुद्धा तिने बांधू दिली नाही.

दोन दिवस सासू बोलली नाही. जेवण केलं, वाढलं, भांडी घासली, सगळं मुक्याने. सून घरात 'हो' आणि 'नाही' एवढंच बोलत होती, कारण त्या दोन शब्दांना बाई-पुरुष नसतो. तिसऱ्या दिवशी सासू काठी टेकत शेडमध्ये आली आणि डावऱ्यासमोर उभी राहिली. सून गोणीत लोकर दाबत होती, ती तशीच थिजली.

"तू शिकवलंस?"

"पहिल्या दिवशी सांगितलं तेवढंच. तुम्ही बजावल्यावर नाही."

"मग ती कशी शिकली?"

डावऱ्याने कातर खाली ठेवली. त्याने सुनेकडे पाहिलं नाही. "मावशी, शिकायला आपल्याच घरात काय कमी होतं? तुम्ही दिवसभर बोलताच की तिच्याशी. तिला यायला लागलं असेल कधीचं. बोलत नव्हती एवढंच."

सासूच्या मनात हे कधी आलं नव्हतं. तिने काठीवर भार दिला. मग सुनेकडे वळली.

"माझ्यासाठी बोलत होतीस?"

"आधी नाही," सून म्हणाली. "आधी खरंच तसंच यायचं. तो गेल्यावर... तुमचे हात थांबायचे. पीठ मळताना. मग मला सोडवेना."

"एकदा म्हण," सासू म्हणाली. "त्याच्यासारखं. एकदाच."

सुनेने ओठ ओले केले. "आई, मी आलो."

तिघांनाही ऐकू आलं. शब्द तेच होते, लकबही तीच होती, आणि त्यात कुणी नव्हतं. ती नक्कल होती. चांगली होती, पण नक्कल. सासूने डोळे मिटले. मग तिथेच लोकरीच्या गोणीवर बसली आणि मोठ्याने रडली, अकरा महिन्यांपूर्वी रडली होती तशी. सून तिच्या पायाशी बसली. तिला जवळ घ्यायची तिची हिंमत झाली नाही. डावऱ्या उठून बाहेर गेला आणि मेंढ्यांकडे बघत उभा राहिला.

शेवटच्या दिवशी स्वच्छ ऊन पडलं. दोन मेंढ्या आणि मेंढा एवढंच उरलं होतं. मेंढा मुद्दाम शेवटी ठेवला होता. मोठा, माजलेला, एका माणसाला न आवरणारा. डावऱ्याने सकाळीच वळकटी बांधून सायकलला लावली होती. सुनेने ती बघितली. "कुठे जाणार?" तिने विचारलं.

"नदीपलीकडे तीन कळप आहेत."

"आणि मग?"

"तुम्ही सांगाल तसं," तो म्हणाला. एवढं स्पष्ट तो पहिल्यांदाच बोलला होता, आणि बोलून लगेच कातरीला धार लावायला बसला.

दोन्ही मेंढ्या झाल्या तोवर अंगणात ट्रक आला. दीर उतरला. सोबत ट्रकवाला, तोंडात काडी धरून. सासू ओट्यावर बसली होती. शेडमधल्या त्या रडण्यानंतर ती सुनेशी कामाचं सोडून एक अक्षर बोलली नव्हती, आणि आज काय बोलेल हे सुनेला ठाऊक नव्हतं.

"काय ठरलं?" दिराने आईला विचारलं. आईने काठी जवळ ओढली. तो सुनेकडे वळला. "वहिनी, तुम्हीच सांगा मग. आडपडदा नको. तुम्ही जाणार की राहणार?"

सुनेचे हात लोकरीच्या तेलाने चिकट झाले होते. ते तिने कपड्याला पुसले. सासू तिच्याकडे बघत होती. डावऱ्या मेंढ्याला दोरीने धरून उभा होता आणि मेंढा पाय रोवून मागे रेटत होता. सुनेला कळत होतं की सगळे एका अक्षरासाठी कान टवकारून आहेत. 'राहतो' म्हणाली तर सासूला अजून थोडे दिवस सोबत मिळेल, खोटी का होईना. आपल्याला कदाचित घरही मिळेल. पण आपण त्याच्यासारखं बोलत या घरात म्हाताऱ्या होऊ, आणि आपलं म्हणून एक वाक्य मरेपर्यंत बोलणार नाही.

"मी राहते," ती म्हणाली.

दीर आईकडे वळला. "ऐकलंस ना? आता तेही राहिलं नाही. आता कुणासाठी थांबायचं?"

ट्रकवाला काडी चावत राहिला. तेवढ्यात मेंढ्याने हिसका दिला. डावऱ्याचा दुखरा गुडघा वाकला, तो जमिनीवर टेकला, दोरी हातातून सरकायला लागली.

"धरा! कुणीतरी धरा याला!"

दीर दोन पावलं मागे सरला. त्याच्या अंगावर इस्त्रीचे कपडे होते. सून झेपावली आणि तिने मेंढ्याची शिंगं धरली. मेंढ्याने तिला फरफटत नेलं. आणि सासू ओट्यावरून उतरली. काठी टाकली, बाह्या सारल्या, आणि सोलपटलेल्या कोपरासकट मेंढ्याच्या मागच्या पायांवर अंग टाकलं.

"तू कातर घे!" ती डावऱ्यावर ओरडली. "आम्ही धरतो!"

मेंढा धापा टाकत आडवा झाला. दोघी त्याच्या अंगावर वाकलेल्या, एकमेकींची डोकी टेकायला आलेली. सासू अचानक थबकली. तिचे हात थांबले, पीठ मळताना थांबायचे तसे.

"काय म्हणाले मी?" तिने हळू विचारलं.

अकरा महिने प्रत्येक क्रियापदाचं शेपूट तपासत जगलेल्या सुनेला ते कळायला वेळ लागला नाही. "आम्ही धरतो," ती म्हणाली.

"धरतो. दोघी बाया असून?"

"दोघी बाया असून. 'आम्ही' म्हटलं की धरतोच म्हणतात, आई. चूक नाही ती."

सासूने ते तोंडातल्या तोंडात पुन्हा म्हणून पाहिलं. आयुष्यभर ती हे बोलत आली होती आणि आज पहिल्यांदा तिने ते ऐकलं. तिच्या गालावरून पाणी ओघळून मेंढ्याच्या लोकरीत पडलं. मग तिने नाक ओढलं आणि मान वळवून धाकट्या मुलाकडे पाहिलं.

"ट्रक परत ने," ती म्हणाली. "आम्ही राहतो."

"आई, जरा शांतपणे..."

"आम्ही राहतो म्हटलं ना."

ट्रकवाल्याला खूण करून दीर अंगणाच्या कडेला गेला आणि तिथे दोघं बोलत राहिले.

डावऱ्या कातर घेऊन मेंढ्यापाशी गुडघ्यावर बसला होता. त्याने अजून सुरुवात केली नव्हती. सायकलवर बांधलेल्या वळकटीकडे सासूची नजर गेली.

"आणि तू," ती म्हणाली, "ती वळकटी उन्हात कशाला तापवतोस? सोड ती. दुपारचं ताट शेडमध्ये येणार नाही. आत येऊन जेवायचं."

त्याने सुनेकडे पाहिलं. तिने मान खाली घातली, पण शिंगांवरची पकड सोडली नाही.

"अहो," ती म्हणाली, "लवकर करा. हात भरून आले माझे."

सासूच्या ते कानावर पडलं. तिने मेंढ्याचे पाय आणखी घट्ट आवळले, आणि डावऱ्याने पोटापासून कातरायला सुरुवात केली.